अकरा चित्रपटांतला माझा चेहरा

टोर्गिल्स ब्रेकहुस हे नाव तुम्ही ऐकलं नसणार.
पोस्टरवर ते अगदी तळाला असायचं,
छापखान्याच्या नावाच्या बोटभर वर,
आणि दर वेळी नव्या चुकीसकट.
चेहरा मात्र पाहिला असेल तुम्ही:
उंच, फिकट, डोळे पाण्यासारखे,
अंगावर जर्मन कप्तानाचा डगला,
मध्यंतरानंतर विसाव्या मिनिटाला मरणारा.

त्याचा आवाज मी. उबाल्दो रिगेत्ती,
राहणार रोम, ट्राम डेपोच्या मागे.

अंधाऱ्या खोलीत कागदाच्या तिकाटण्यापुढे
मी उभा राहायचो.
फिल्मचा तुकडा टोकाला टोक जोडून गोल केलेला,
घाण्याच्या बैलासारखा फिरायचा:
तो तोंड उघडतो, मिटतो,
उघडतो, मिटतो,
आणि त्या फटीत मी माझं इटालियन कोंबतो.
कप्तान जर्मनीचा, ओठ नॉर्वेचे, घसा रोमचा;
तिघांचा मिळून एक माणूस उभा राहायचा
आणि गोळी लागून पडायचा.
ओरडणंही माझंच.
मरताना तो कसा ओरडे, मला आजही माहीत नाही.

एकदा बेलग्रेडजवळ तो व्हायकिंग झाला,
एकदा माद्रिदमध्ये पाद्री,
एका स्वस्तातल्या काउबॉयपटात नुसतं प्रेत.
त्या वेळी मी लागलो नाही.

भेटलो एकदाच, सदुसष्ट साली, स्टुडिओच्या कँटीनमध्ये.
म्हटलं, बाबा रे, तुझे ओठ काही केल्या जुळत नाहीत,
निदान आकडे तरी म्हण, बाकीचे म्हणतात तसे.
तो हसला. शुक्रवार होता, माझ्या ताटात
टोमॅटोत शिजवलेला खारवलेला कॉड.
त्यानं काट्याचं टोक त्याच्याकडे वळवलं:
"हा आमच्या क्रिस्तियानसुंदचा.
युरोपभर काम करतो. माझ्याहून मोठं नाव.
मिठात मुरलाय ना, म्हणून टिकला."

मग चोवीस वर्षं काही नाही.
मग पत्र, आणि पत्रामागोमाग त्याची पुतणी,
गुन्वोर, जन्मापासून बहिरी,
सोबत मुलगा, आणि पिशवीत कॅसेटी.
काका गेल्या हिवाळ्यात गेला, मुलगा म्हणाला.
माझ्या स्वयंपाकघरात टीव्ही लावला.
आवाज बंद करायची तिला गरज नव्हती.
मी केला.

ती ओठ वाचत गेली, मुलगा मला सांगत गेला.
बागेतल्या प्रसंगात जिथे मी
बाईच्या कानात "प्रिये" ओतलं होतं,
तिथे तो विचारत होता,
उलटी घातलीस की सुलटी?
काय?
मासळी. खडकांवर वाळायला घालतात, तिकडे.

मग ती भिंत. सात गावकरी.
कप्तानाचा हातमोजा वर.
इथे मी "झाडा गोळ्या!" म्हटलं होतं, चार वेळा,
दिग्दर्शकाला अजून कडक हवं होतं म्हणून.
गुन्वोर पुढे सरकली. मागे घ्यायला लावलं. पुन्हा पाहिलं.
"पाऊस आला!
मासळी आवरा!"

टोर्गिल्सची आई ओरडायची असं,
ढग दिसला की,
आणि साऱ्या बायका एप्रन सावरत खडकांकडे धावायच्या.
चाळीसच्या एप्रिलात ते गाव जळलं,
मुलानं खिडकीकडे बघत सांगितलं;
जाळणाऱ्यांचे डगले भाड्याचे नव्हते.

मग तिनं खूण केली. तुम्ही म्हणा.
मी? मला कुठे येतं नॉर्वेजियन?
मुलानं उच्चार दिले, मी ते भाजीच्या पावतीमागे लिहिले,
उभा राहिलो, खोकलो.
तिनं तळहात माझ्या गळ्यावर ठेवला.
थंड हात, कांद्याचा वास येणारा
(तिनंच मघाशी चिरून दिला होता).
हातमोजा वर गेला. मी ओरडलो.

जुळले.
एवढ्या वर्षांत पहिल्यांदा, टाळूपासून दातापर्यंत.

कॅसेट मुलानं तिथेच थांबवली.
बाहेर रोमवर कोरडं ठणठणीत ऊन,
आणि भिंतीपाशी ते सातही जण
अजून उभेच.